आपली बँक : शंभर वर्षांचा जमाखर्च

(ज्ञातिसंस्थेच्या वार्षिक संमेलनात कर्जत येथे झालेले व्याख्यान)



संमेलनाच्या व्याख्यानासाठी आपल्या कार्यकारी मंडळाने आम्हांस पाचारण केले, याबद्दल आम्ही मंडळाचे ऋणी आहो. अशा प्रसंगी ज्ञातीच्या थोर पुरुषांचे गुणगान करावे आणि श्रोत्यांस संतुष्ट करून घरी धाडावे, असा प्रघात आहे. आज मात्र त्या प्रघातास थोडी मुरड घालणे आम्हांस भाग आहे. कारण आजच्या सर्वसाधारण सभेपुढे दोन प्रश्न निर्णयासाठी आहेत. कर्जत व खालापूर या दोन तालुक्यांतील ज्ञातिबांधवांसाठी स्वतंत्र पतसंस्था काढावी की काढू नये, हा पहिला. आणि संस्थेचा शिक्षणनिधी कोठे ठेवावा, हा दुसरा. या दोहोंचे उत्तर शोधू जाता एका जुन्या संस्थेचे चरित्र वाचल्यावाचून गत्यंतर नाही. ती संस्था म्हणजे सन १९१५ मध्ये मुंबईस स्थापन झालेली आणि सन २०२० मध्ये परवाना रद्द होऊन संपलेली आपली सी. के. पी. सहकारी बँक होय. तिचे नाव निघताच अनेक घरांत आजही आवाज खाली येतो, हे आम्ही जाणून आहो. परंतु ज्या विषयावर घरात कुजबुज चालते, त्याचा विचार सभेत उघडपणे व्हावा, यातच ज्ञातीचे हित आहे.

प्रथम आपल्या प्रांताकडे पाहू. कर्जत तालुका पूर्वी ठाणे जिल्ह्यात मोडत असे. सन १८९१ मध्ये तो कुलाबा जिल्ह्यास जोडला गेला आणि खालापूर हा त्याचाच महाल राहिला. पुढे खालापूर स्वतंत्र तालुका झाला आणि सन १९८१ मध्ये कुलाब्याचे रायगड झाले. नावे बदलली तरी भूमी तीच. सह्याद्रीच्या पायथ्याशी उल्हास आणि पाताळगंगा या नद्यांच्या खोऱ्यांत भाताचे एकच पीक निघावे आणि त्यावर बारा महिने काढावे, ही येथील कुणब्यांची, आगऱ्यांची, ठाकुरांची आणि कातकऱ्यांची पिढ्यान् पिढ्यांची स्थिती. ज्यास वर्षातून एकदाच उत्पन्न येते, त्यास वर्षातून एकदा तरी कर्ज काढावेच लागते. आषाढ-श्रावणात कणगी रिकामी होई आणि तेव्हा खावटीसाठी भात उचलावे लागे. पीक येताच ते सवाईने अथवा दिढीने परत करावे लागे. पावसाळ्यात रोख रक्कम घ्यावी आणि सुगीत ती ठरल्या भावाने भातात फेडावी, या रीतीस पालेमोड म्हणत. भाव ठरविणारा देणारा असे आणि मापही त्याचेच असे. आपल्या ज्ञातीतील काही घराणी वतनदारीच्या व खोतीच्या नात्याने या व्यवहारात देणाऱ्याच्या बाजूस होती, हे सांगण्यास संकोच वाटण्याचे कारण नाही. इतिहास सांगावयाचा तर तो दोन्ही रकान्यांचा सांगावा.

लोहमार्ग या भागात फार लवकर आला. सन १८५६ मध्ये गाडी खोपोलीपर्यंत पोचली आणि सन १८६३ मध्ये बोरघाट चढून पलीकडे गेली. त्यामुळे येथील भात, गवत आणि लाकूडफाटा मुंबईस जाऊ लागला, आणि त्याच गाडीने येथील शिकलेली मुलेही मुंबईस जाऊ लागली. दौत-लेखणी हा ज्यांचा परंपरागत व्यवसाय, त्यांना सरकारी कचेऱ्यांत व व्यापारी पेढ्यांत कारकुनी मिळाली. पगार महिन्याचा होता, पण तोकडा होता. मुलीचे लग्न, आईचे आजारपण, खोलीची पागडी यांपैकी काहीही उद्भवले की महिन्याचा हिशेब कोसळे आणि पठाणाच्या अथवा मारवाड्याच्या दारी जावे लागे. म्हणजे गावी राहिलेला कुणबी आणि मुंबईस गेलेला कारकून, हे दोघेही एकाच विवंचनेचे धनी होते. अडल्या वेळी वाजवी व्याजाने पैसा देणारे कोणी नव्हते.

या विवंचनेवर जो उपाय निघाला, त्याचे नाव सहकार. आपल्या देशात या विचाराचे एक आद्य बीज मराठी माणसाने पेरले, ही गोष्ट ध्यानात ठेवण्यासारखी आहे. सन १८८९ मध्ये बडोद्यास विठ्ठल लक्ष्मण कवठेकर यांनी अन्योन्य सहकारी मंडळी काढली. तेव्हा सहकाराचा कायदाही नव्हता. कायदा झाला सन १९०४ मध्ये. लगेच सन १९०६ मध्ये पुण्यास कॉसमॉस आणि मुंबईस शामराव विठ्ठल या संस्था उदयास आल्या. दुसरी तर श्रीपाद सुब्बराव तालमकी यांनी चित्रापूर सारस्वतांसाठी स्थापन केली होती. सन १९११ मध्ये विठ्ठलदास ठाकरसी आणि लल्लूभाई सामळदास यांच्या प्रयत्नाने मुंबई प्रांताची मध्यवर्ती सहकारी बँक निघाली आणि सन १९१२ मध्ये सुधारलेला कायदा आला. या ओघातच सन १९१५ मध्ये आपल्या ज्ञातीची बँक जन्मास आली. सारस्वत बँकेची संस्था तिच्यामागून, सन १९१८ मध्ये निघाली. यावरून आपले पूर्वज या कामी मागे नव्हते हे दिसून येईल.

सन १९१५ हे साल आपल्या तालुक्यांच्या इतिहासात आणखी एका कारणाने संस्मरणीय आहे. त्याच वर्षी खोपोली येथे टाटांचे जलविद्युत्केंद्र सुरू झाले आणि घाटमाथ्यावर अडविलेल्या पाण्याची वीज मुंबईच्या गिरण्यांना मिळू लागली. पाण्याचे थेंब एकत्र साठविले आणि त्यांस उंचीवरून योग्य नळातून सोडले, तर त्यांपासून शक्ती निर्माण होते. तसेच लहान लहान रकमा एकत्र साठविल्या आणि योग्य मार्गाने सोडल्या, तर त्यांपासून पत निर्माण होते. मात्र बांध फुटला तर तेच पाणी शेत वाहून नेते, हेही या उपमेतच आले.

ज्ञातीच्या पायावर बँक का उभारली, असा प्रश्न आजचे तरुण विचारतात. त्याचे उत्तर सरळ आहे. गरीब कारकुनापाशी तारण ठेवण्यास काही नसते. त्याच्यापाशी असते ती केवळ अब्रू. ती अब्रू ओळखणार कोण? जो त्याचे घर ओळखतो, त्याचा बाप ओळखतो आणि त्याची सोयरीक कोठे झाली हे ओळखतो, तो. ज्ञातीची ओळख हेच तारण, आणि ज्ञातीत नाव जाण्याची भीती हाच तगादा. दोन ज्ञातिबांधव जामीन राहिले की कर्ज मिळे, आणि जामीनदारास तोंड दाखविण्याची लाज वाटू नये म्हणून हप्ता जाई. या व्यवस्थेने ज्ञातीय पतसंस्थांच्या पहिल्या पिढ्या तारल्या. त्यांच्या कर्जावर मुले शिकली, लग्ने पार पडली आणि आजारी माणसांना औषधपाणी झाले. हे उपकार विसरणे कृतघ्नपणाचे ठरेल.

याच काळात आपल्या ज्ञातीने आणि आपल्याच जिल्ह्याने बँकिंगच्या क्षेत्रास एक असामान्य पुरुष दिला. महाडजवळील नाते या गावी सन १८९६ मध्ये जन्मलेले चिंतामणराव देशमुख सन १९१२ च्या मॅट्रिकच्या परीक्षेत जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्तीचे मानकरी झाले, पुढे आय. सी. एस. झाले आणि सन १९४३ मध्ये रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर झाले. सन १९४९ च्या आरंभी रिझर्व्ह बँकेचे राष्ट्रीयीकरण झाले आणि त्याच वर्षी बँकांचे नियमन करणारा कायदा झाला, तो त्यांच्याच कारकीर्दीत. पुढे अर्थमंत्री असताना सन १९५५ मध्ये स्टेट बँकेची स्थापना झाली, आणि सन १९५६ मध्ये मुंबईच्या प्रश्नावर त्यांनी मंत्रिपदाचा त्याग केला. त्यांचे तैलचित्र आपल्या अनेक सभागृहांत आहे. परंतु त्यांची शिकवण त्या चित्राच्या चौकटीबाहेर आली पाहिजे. दुसऱ्याचा पैसा सांभाळणाऱ्यावर कायद्याची नजर असलीच पाहिजे, त्यात आपला-परका असा भेद नसावा, हे सन १९४९ च्या कायद्याचे सार होय. दैवाचा खेळ असा की, तो कायदा सहकारी बँकांना प्रथम लागू नव्हता; तो सुधारलेल्या रूपाने लागू झाला सन १९६६ च्या मार्च महिन्यात. तोवर सहकारी बँका केवळ निबंधकाच्या देखरेखीखाली होत्या, आणि त्यानंतरही निबंधक व रिझर्व्ह बँक अशा दोन धन्यांची चाकरी त्यांना दीर्घकाळ करावी लागली. दोन धनी असले म्हणजे दोघांचीही नजर चुकविणे सोपे जाते, हा अनुभव जुन्या कारभाऱ्यांना नवा नाही.

ग्रामीण भागात सहकार कितपत पोचला, याचा हिशेब रिझर्व्ह बँकेच्या पाहणीने सन १९५१-५२ मध्ये मांडला. देशातील शेतकऱ्यांच्या एकूण कर्जात सहकारी संस्थांचा वाटा अवघा ३ टक्क्यांच्या आसपास होता आणि सावकारांचा सुमारे ७० टक्के. म्हणजे मुंबईतील कारकुनाची सोय झाली होती, पण आमच्या दरीतील कुणबी होता तेथेच होता. या पार्श्वभूमीवर याच तालुक्यातील एका प्रयोगाचे स्मरण करणे आम्ही आपले कर्तव्य समजतो. माथेरानच्या एका गरीब न्हावी कुटुंबात सन १९१२ मध्ये जन्मलेले विठ्ठल लक्ष्मण कोतवाल, म्हणजेच भाई कोतवाल, वकील झाले. पण वकिलीवर पैसा करण्याऐवजी त्यांनी शेतकऱ्यांच्या मुलांसाठी शाळा काढल्या आणि अडलेल्या शेतकऱ्यांसाठी धान्याची बँक उभी केली. पुढे सन १९४२ च्या लढ्यात त्यांच्या आझाद दस्त्याने मुंबईस वीज नेणारे मनोरे पाडले, आणि २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडावर भाई कोतवाल व हिराजी पाटील यांना वीरमरण आले. हौतात्म्याच्या तेजापुढे त्यांची धान्य बँक झाकून गेली. पण आमच्या मते तीही तितकीच विचारात घेण्यासारखी आहे. तेथे ज्ञातीची विचारपूस नव्हती. गरज हीच सभासदत्वाची खूण होती.

आता बँकेचे यंत्र कसे चालते, हे थोडक्यात सांगावे लागेल. कारण ते समजल्याविना पुढील घटना समजणार नाहीत. समजा, बँकेपाशी १०० रुपये आहेत. त्यांतील १० रुपये भागधारकांचे आणि ९० रुपये ठेवीदारांचे. त्यांपैकी ३० रुपये रोख व सरकारी रोख्यांत ठेवून ७० रुपये कर्जाऊ दिले. या ७० पैकी १० रुपये बुडाले की भागधारकांचे भांडवल संपले. अकरावा रुपया बुडतो तो ठेवीदाराचा. म्हणजे सात कर्जांपैकी एक बुडाले तरी बँकेच्या पायाखालची जमीन सरकते. बाहेरून मात्र काहीच दिसत नाही. दार उघडे असते, पाटी झळकत असते, कारकून हसून बोलतो आणि व्याजही जमा होते.

या यंत्रात नागरी सहकारी बँकांचा एक विशेष दोष आहे. सहकारात एक सभासद, एक मत. पण सभासद होतो कोण? कर्ज घेण्यासाठी सभासद व्हावेच लागते. ठेव ठेवण्यासाठी व्हावे लागत नाही. परिणामी संचालकांची निवडणूक होते ती बहुतांशी कर्जदारांच्या मतांनी, आणि जिचा पैसा पणास लागला आहे त्या ठेवीदार विधवेस मतच नाही. कर्जदारांनी निवडलेल्या मंडळाने कर्जवसुलीत कठोर व्हावे, ही अपेक्षा मांजराकडून दुधाच्या राखणीची अपेक्षा करण्यासारखी आहे. त्यातून ज्ञातीय संस्थेत कर्जदार हा कोणाचा तरी मेहुणा अथवा व्याही असतो. जी ओळख पहिल्या पिढीत तारण होती, तीच पुढल्या पिढीत भीड होते. लहान कर्जात ओळखीने वसुली होते. मोठ्या कर्जात ओळखीने वसुली थांबते. संचालकांना व त्यांच्या नातलगांना कर्ज देण्यास रिझर्व्ह बँकेने सन २००३ मध्ये बंदी केली, ती अशा अनुभवांनंतरच. हा दोष एकट्या आपल्या बँकेचा नव्हे. सन २००१ मध्ये अहमदाबादची माधवपुरा, सन २०१९ मध्ये मुंबईची पंजाब अँड महाराष्ट्र, अशी मालिकाच आहे.

ही आग आपल्या कुंपणापर्यंत येऊन गेली आहे. खालापूरच्या शेजारच्या पेण तालुक्यात सन २०१० मध्ये पेण अर्बन बँकेवर रिझर्व्ह बँकेने निर्बंध घातले. बोगस कर्जखात्यांचे आरोप झाले, अटका झाल्या, खटले उभे राहिले. पण ठेवीदारांना वर्षानुवर्षे मोर्चे काढावे लागले. मुलीच्या लग्नासाठी ठेवलेला पैसा लग्नानंतरही हाती आला नाही, अशी उदाहरणे या जिल्ह्यात शोधण्यास दूर जावे लागत नाही. त्या काळी ठेवविम्याची मर्यादा केवळ १ लाख रुपये होती.

सन २०१४ मध्ये आपल्या बँकेवर निर्बंध आले. थकीत कर्जांनी भांडवल खाऊन टाकले होते. ठेवीदारांस स्वतःच्या खात्यातून ठराविक तुटपुंजी रक्कमच काढता येई. सन २०१५ मध्ये बँकेस शंभर वर्षे पूर्ण झाली. ज्या वर्षी तोरणे बांधावयाची, त्या वर्षी ठेवीदार आपल्याच पैशासाठी अर्ज लिहीत होते. निर्बंधांची मुदत पुनःपुन्हा वाढत गेली. बँक वाचावी म्हणून ठेवीदारांनी खटपटी केल्या, सभा घेतल्या, काहींनी ठेवींचे भागभांडवलात रूपांतर करण्याचीही तयारी दाखविली. सहा वर्षे अशी गेली. अखेर २८ एप्रिल २०२० च्या आदेशाने रिझर्व्ह बँकेने परवाना रद्द केला आणि ३० एप्रिलला कामकाज संपताच बँकेचे बँकपण संपले. पुनरुज्जीवनाची ठोस योजना नाही, विलीनीकरणाचा प्रस्ताव नाही आणि ठेवीदारांचे देणे देण्याची स्थिती नाही, अशी कारणे रिझर्व्ह बँकेने दिली. ज्या संस्थेच्या सर्वोच्च आसनावर आपल्या ज्ञातीचा पुरुष पहिला भारतीय म्हणून बसला, त्याच संस्थेस आपल्या ज्ञातीच्या बँकेचा शेवट लिहावा लागला. यात अन्याय शोधू नये. चिंतामणराव त्या आसनावर असते तर त्यांनीही हाच आदेश काढला असता, अशी आमची श्रद्धा आहे.

या काळोखात एक गोष्ट सुदैवाची घडली. ठेवविम्याची कथा सन १९६० पासून सुरू होते. त्या वर्षी केरळातील पलाई सेंट्रल बँक आणि आपल्या अकोल्याची लक्ष्मी बँक बुडाली. त्यानंतर सन १९६२ च्या आरंभी ठेवविमा महामंडळ निघाले. तेव्हा विमा १,५०० रुपयांचा होता. पुढे सहकारी बँकांनाही तो मिळाला आणि सन १९९३ मध्ये मर्यादा १ लाख झाली. ती तेथेच सव्वीस-सत्तावीस वर्षे थांबली. ४ फेब्रुवारी २०२० रोजी ती ५ लाख झाली आणि त्यानंतर तीन महिन्यांच्या आत आपल्या बँकेचा परवाना गेला. बँकेचे सुमारे १ लाख ३२ हजार ठेवीदार होते, त्यांपैकी ९९.२ टक्के ठेवीदारांस पूर्ण रक्कम मिळेल, असे रिझर्व्ह बँकेने जाहीर केले. तीन महिने अलीकडे-पलीकडे झाले असते, तर हे प्रमाण असे राहते ना. मात्र उरलेल्या ०.८ टक्क्यांकडे कानाडोळा करू नये. आकड्यात ते सुमारे एक हजार ठेवीदार होतात. ज्यांनी जन्मभराची पुंजी एकाच ठिकाणी, आपली बँक म्हणून ठेवली, ते यांत आले. ज्याने सर्वांत अधिक विश्वास टाकला, त्यासच सर्वांत अधिक झीज सोसावी लागली, हा या इतिहासातील सर्वांत कडू घोट आहे.

येथे कोणी म्हणेल की, मग ज्ञातीय बँका बुडण्यासाठीच जन्मतात काय? तसे नाही. सारस्वत बँक आणि शामराव विठ्ठल यांचा जन्म ज्ञातीतच झाला. पण त्यांनी कालांतराने दारे सर्वांस उघडली, कारभार शिकलेल्या नोकरवर्गाकडे सोपविला आणि त्या टिकल्या. सन २०२५ मध्ये मुंबईची न्यू इंडिया सहकारी बँक अफरातफरीने अडचणीत आली, तेव्हा तिला पदरात घेण्याचे बळ सारस्वत बँकेत होते. ज्ञाती हा पाळणा म्हणून उत्तम. पण वाढलेल्या माणसाने पाळण्यात निजू नये, असे आमचे मत झाले आहे.

आता सभेपुढील प्रश्नांकडे वळतो. पतसंस्था काढावी काय? आमचे उत्तर स्पष्ट आहे : ठेवी घेणारी पतसंस्था आज काढू नये. कारण असे की, बँकेतील ठेवीस ५ लाखांपर्यंत विमा आहे. सन २०२१ च्या दुरुस्तीमुळे बँकेवर निर्बंध आले तरी ९० दिवसांत विम्याची रक्कम मिळण्याची तरतूद झाली आहे. पतसंस्थेतील ठेवीस या विम्याचे छत्र नाही. तेथे पैसा बुडाला तर सहकार कायद्याच्या कलम ८३ खाली चौकशी होईल, कलम ८८ खाली जबाबदारी निश्चित होईल, कलम १०१ खाली वसुलीचे दाखले निघतील. परंतु या सर्व पायऱ्या चढेपर्यंत ठेवीदार म्हातारा झालेला असतो. आपल्या दोन तालुक्यांतील ज्ञातीची घरे मोजकी आहेत. त्यांत कर्जदारही आपले, ठेवीदारही आपले आणि वसुलीस जाणारेही आपलेच. एक हप्ता थकला तर दोन घरांचे येणेजाणे बंद होईल. दहा थकले तर हे संमेलनच भरणार नाही.

मग अडलेल्यास मदत करू नये काय? अवश्य करावी, पण ठेवीतून नव्हे, देणगीतून. शिक्षणासाठी बिनव्याजी परतफेडीचे साहाय्य देणारा निधी वाढवावा. त्यात ज्याने पैसा घातला, त्याने तो सोडून दिलेला असतो. एखाद्या विद्यार्थ्याकडून परतफेड न झाल्यास दात्याचे पुण्य कमी होत नाही आणि कोणाही विधवेची चूल विझत नाही. दुसऱ्याची ठेव कर्जाऊ देताना उदार होणे सोपे असते. स्वतःची देणगी देताना जो उदार होतो, तोच खरा उदार.

दुसरा प्रश्न शिक्षणनिधी ठेवण्याचा. सार्वजनिक विश्वस्त व्यवस्थेच्या सन १९५० च्या कायद्यातील कलम ३५ याबाबत मार्ग दाखविते : अनुसूचित बँक, टपाल खात्याची बचत बँक, अथवा शासनाने त्या कामी मान्य केलेली सहकारी बँक. याखेरीज विम्याची मर्यादा एका बँकेतील एका ठेवीदारास मुद्दल व व्याज मिळून ५ लाखांची आहे, शाखा कितीही असोत. हे कोषाध्यक्षांनी आपल्या वहीच्या पहिल्याच पानावर लिहून ठेवावे. संस्थेचा निधी विभागून ठेवावा, आणि कोणत्या बँकेत किती, हे दरवर्षीच्या स्मरणिकेत छापावे. अमुक बँकेत आपले गृहस्थ संचालक आहेत, म्हणून तेथे निधी ठेवावा, ही सूचना कितीही सद्भावनेने आली तरी ती मान्य करू नये.

आणि पुढेमागे, आमच्यानंतर, एखाद्या कर्तृत्ववान पिढीस पतसंस्था काढावीशी वाटलीच, तर तिने तीन गोष्टी पाळाव्यात. ती दोन्ही तालुक्यांतील सर्व ज्ञातींस खुली असावी. भाई कोतवालांच्या तालुक्यात याहून वेगळे शोभणार नाही. संचालक व त्यांचे आप्त यांना तिने कर्ज देऊ नये. आणि थकलेल्या कर्जांची यादी वार्षिक सभेत मोठ्याने वाचावी, मग त्यात कोणाचेही आडनाव येवो.

आम्ही हे कठोर बोललो असे कोणास वाटेल. परंतु १९१५ च्या त्या पूर्वजांनी जे केले, त्याचा आदर आम्हांस कोणाहूनही कमी नाही. त्यांच्यापाशी कायद्याचे छत्र नव्हते, विमा नव्हता, परिचयापलीकडे दुसरे तारण नव्हते. तरी त्यांनी एकमेकांवर विश्वास टाकला आणि तो दीर्घकाळ फळास आला. त्यांचा वारसा पाटीत नव्हता, विश्वासात होता. त्या विश्वासास हिशेबाची जोड देणे एवढेच काम आपल्याकडे उरले आहे. ज्ञातीची बँक गेली. ज्ञातीची पत जाऊ नये, आणि ती राखण्याचा मार्ग वहीच्या दोन्ही बाजू उघड ठेवण्यातूनच जातो.

दोन्ही ठरावांवर सभेने निःसंकोच चर्चा करावी, आमच्या मताची भीड बाळगू नये, अशी विनंती करून आम्ही आपली रजा घेतो.